शेजारी ओरडला, आपला गोल अजून व्हायचाय! लाइव्ह फुटबॉल का अडकतं आणि काय करायचं

हा भाग ऐकलात तर उत्तमच, पण लिहूनही देतोय. कारण यात आकडे आणि सेटिंग बरेच आहेत आणि ते नुसते ऐकून लक्षात राहत नाहीत. मॅचच्या दिवशी हे पान उघडून समोर ठेवा. जसं बोललो तसंच ठेवलंय, फक्त मधले "म्हणजे" आणि "काय म्हणतात ते" कमी केलेत.

लाइव्ह फुटबॉलबद्दल तुमचे जे मेसेज येतात ते साधारण तीन प्रकारचे असतात. एक, "ऐन वेळी चकरी फिरते." दोन, "शेजारच्या घरात गोल आधी होतो." तीन, "मोबाइलवर दिसतं, पण टीव्हीवर टाकलं की काळा पडदा." हे तीन वेगळे आजार आहेत, आणि आपण तिन्हींवर एकच औषध देतो: राउटर बंद करून चालू करायचा. त्याने नाही झालं तर नेटचा महागडा प्लॅन घ्यायचा. पैसे जातात आणि पुढच्या मॅचला चकरी परत हजर. म्हणून आज एकच गोष्ट शिकायची आहे. पैसे खर्च करण्याआधी बिघाड नेमका कुठे आहे ते ओळखायचं.

आणि फुटबॉलमध्ये हे जास्त महत्त्वाचं का? क्रिकेटमध्ये ओव्हर संपली की थोडी उसंत मिळते. फुटबॉल ४५ मिनिटं सलग चालतं. २०२२ च्या वर्ल्डकप फायनलला फ्रान्स ७९ मिनिटं झाली तरी ०-२ ने मागे होता. मग एमबापेने पेनल्टी मारली आणि अवघ्या ९७ सेकंदांत दुसरा गोल केला. ॲप बंद करून, परत उघडून, मॅच शोधून लावायला साधारण एवढाच वेळ लागतो. तेवढ्यात अख्खी फायनल उलटली होती.

मैदानापासून खिशापर्यंत

आधी रस्ता समजून घेऊ. मैदानावरचे कॅमेरे बाहेर उभ्या असलेल्या प्रक्षेपण व्हॅनला जोडलेले असतात. तिथे कुठला कॅमेरा दाखवायचा ते ठरतं. तिथून चित्र फायबरने किंवा उपग्रहाने आपल्याकडच्या चॅनलकडे येतं. चॅनल त्यावर कॉमेंट्री, स्कोअरची पट्टी आणि जाहिराती चढवतं. इथपर्यंत डिश आणि ॲप यांचा रस्ता जवळपास एकच आहे. इथून फाटा फुटतो.

डिशवाल्यांचा सिग्नल उपग्रहाकडे जातो. हा उपग्रह विषुववृत्तावर सुमारे ३६,००० किलोमीटर उंचीवर असतो. वर जाऊन खाली यायचं अंतर ७२,००० किलोमीटर, पण रेडिओ लहरी प्रकाशाच्या वेगाने जातात, त्यामुळे याला लागतो जेमतेम पाव सेकंद. आणि एकच सिग्नल सगळ्या छत्र्यांवर पडतो. बघणारे हजार असोत की एक कोटी, उपग्रहाला काही फरक पडत नाही.

ॲपचं तसं नाही. तिथे व्हिडिओचे काही सेकंदांचे छोटे छोटे तुकडे पाडतात. प्रत्येक तुकडा कमी-जास्त दर्जात, म्हणजे ३६०, ४८०, ७२०, १०८० असा बनवतात. हे तुकडे गावोगावच्या सर्व्हरवर ठेवतात आणि तुमचा फोन ते एकेक करून मागवतो. नेट चांगलं असेल तर मोठा तुकडा मागवतो, मंदावलं तर छोटा. मध्येच चित्र धूसर होतं ते यामुळेच. फोन हुशारीने वागतोय, बिघडलेला नाही.

उशीर वेगळा, अडकणं वेगळं

आता "शेजारी आधी ओरडतो" हे प्रकरण. ॲपलने २००९ मध्ये आणलेली एचएलएस नावाची पद्धत आज खूप ठिकाणी वापरतात. त्यात तुकडा साधारण ६ सेकंदांचा ठेवा अशी शिफारस आहे, आणि प्लेअरने ताज्या टोकापासून किमान तीन तुकडे मागे राहून सुरुवात करावी असा संकेत आहे. सहा त्रिक अठरा. म्हणजे सगळं सुरळीत असतानाही १८ सेकंद इथेच गेले. त्यात तुकडे बनवायला आणि पोचवायला लागणारा वेळ मिळवला की अर्धा मिनिट सहज होतो. तुकडे छोटे करून हा उशीर कमी करण्याच्या पद्धती आल्यात, पण प्रत्येक ॲप त्या वापरतंच असं नाही.

मग फोन मागे राहतोच कशाला? पाण्याच्या टाकीचा विचार करा. नळाला पाणी कधी जोरात येतं, कधी बारीक धार, म्हणून आपण गच्चीवर टाकी ठेवतो. नळ दोन मिनिटं गेला तरी आंघोळ अडत नाही. फोनमध्ये जमा होणारे तुकडे म्हणजे ही टाकी. टाकी रिकामी झाली की चकरी.

आता यातली खरी गंमत ऐका. सिनेमा बघताना ॲप पुढची पाच मिनिटंही आधी भरून ठेवू शकतं, कारण सिनेमा तयार आहे. मॅचची पुढची पाच मिनिटं अजून घडलेलीच नाहीत! त्यामुळे लाइव्हची टाकी लहानच असणार. "बाकी सगळे व्हिडिओ मस्त चालतात, मॅचच का अडते?" याचं उत्तर हे आहे. तुमचं नेट मध्येच दहा सेकंद दम खातं, ते सिनेमात कळत नाही, मॅचमध्ये कळतं.

म्हणजे उशीर हा बिघाड नाही. न अडकण्यासाठी मोजलेली ती किंमत आहे. तुम्ही लाइव्हच्या जितके जवळ, तितकी टाकी लहान. हे एकदा कळलं की निर्णय सोपा होतो.

नेट दमदार असेल तर प्लेअरवरचं "लाइव्ह" बटण दाबा. प्रत्येक वेळी चकरी फिरली किंवा तुम्ही पॉज केलं की तुम्ही आणखी मागे पडता, आणि बरीच ॲप आपणहून पुढे येत नाहीत. बटण दाबलं की ताज्या टोकाला येता.

नेट कमजोर असेल तर उलटं करा. सुरुवातीलाच अर्धा मिनिट पॉज करा आणि मग मागेच राहा. लाइव्ह बटणाला हात लावू नका. टाकीत पाणी जास्त, चकरी कमी.

आणि मागे राहायचं ठरवलं तर गोल फुटू नये याची सोय करा. स्कोअरवाल्या ॲपची नोटिफिकेशन बंद, मित्रांचा व्हॉट्सॲप ग्रुप म्यूट. स्कोअरचा मेसेज म्हणजे दोन-चार अक्षरं, तो व्हिडिओच्या कितीतरी आधी पोचतो. कोल्हापूरसारख्या गावात, जिथे अर्जेंटिना की ब्राझील यावरून पेठा वाटल्या जातात, तिथे गल्लीतला आवाज म्यूट करता येत नाही. तिथे एकच उपाय: ज्याच्याकडे डिश आहे त्याच्या घरी जाऊन बसा.

चकरी फिरली? तीन मिनिटांची तपासणी

क्रम पाळा. क्रम चुकला की हाफटाइम संपतो आणि हाती काही लागत नाही.

पहिलं. त्याच फोनवर, त्याच नेटवर यूट्यूबवर एखादं लाइव्ह न्यूज चॅनल लावा. साधा व्हिडिओ नको, लाइव्हच लावा. का, ते टाकीच्या गोष्टीत कळलंच. न्यूज सुरळीत आणि मॅच अडकतेय, तर दोष बहुतेक ॲपकडे आहे. न्यूजही अडकतेय, तर दोष तुमच्या बाजूला.

दुसरं. दोष तुमच्या बाजूला असेल तर वाय-फाय बंद करून मोबाइल डेटावर या. चाललं? मग राउटर किंवा घरचं कनेक्शन. नाही चाललं? दुसऱ्या कंपनीचं सिम असलेल्या मित्राचा हॉटस्पॉट घेऊन बघा.

तिसरं. वाय-फायच दोषी वाटत असेल तर फोन राउटरच्या शेजारी नेऊन बघा. तिथे चालतंय आणि खोलीत अडकतंय, तर प्रश्न भिंतींचा आहे, प्लॅनचा नाही.

चौथं. व्हीपीएन किंवा जाहिराती अडवणारं प्रायव्हेट डीएनएस चालू असेल तर बंद करा. या दोन्हींमुळे मॅच अडते आणि आपण ते चालू ठेवलंय हेच आठवत नाही.

ॲपकडे दोष निघाला तर राउटरला त्रास देण्यात अर्थ नाही. मोठ्या कंपन्यांचंही असं होतं. २० नोव्हेंबर २०२२ ला कतार-इक्वेडोर मॅचने वर्ल्डकप सुरू झाला, आणि जिओसिनेमावर त्या दिवशी चकरीच्या इतक्या तक्रारी आल्या की कंपनीला जाहीरपणे उत्तर द्यावं लागलं. त्याआधी २०१८ च्या वर्ल्डकपला ऑस्ट्रेलियात ऑप्टस कंपनीचं स्ट्रीमिंग इतकं कोलमडलं की तिथल्या पंतप्रधानांनी कंपनीच्या प्रमुखांना फोन केला आणि मॅचेस एसबीएस या टीव्ही चॅनलवर दाखवाव्या लागल्या. कारण सोपं आहे. किक-ऑफच्या चार-पाच मिनिटांत सगळेच दरवाजाशी येतात.

अशा वेळी तीन गोष्टी करा. दर्जा "ऑटो" वरून एक पायरी खाली आणा. तीच मॅच दुसऱ्या भाषेच्या कॉमेंट्रीत असेल तर ती लावून बघा. ॲप बंद करून उघडा, पण लॉगआउट अजिबात करू नका. व्हिडिओचे सर्व्हर वेगळे, लॉगिनचे वेगळे. गर्दीत लॉगिनची रांग सगळ्यात लांब असते आणि ओटीपी यायला वेळ लागतो. बाहेर पडलात की मग दारातच उभे राहाल.

रोजच्या दीड जीबीचं गणित

हे गणित होस्टेलवाल्यांसाठी. चांगल्या एचडी स्ट्रीमला साधारण ५ एमबीपीएस लागतात असं धरा. तासाला होतात सव्वादोन जीबी. तुमचा पॅक रोज दीड जीबीचा. म्हणजे तो ४० मिनिटांत संपला. हाफटाइमच्या पाच मिनिटं आधी! मग बऱ्याच प्लॅनमध्ये वेग ६४ केबीपीएसवर येतो. त्यात व्हिडिओ चालणं शक्यच नाही. "बरोबर पहिल्या हाफच्या शेवटी नेट मरतं" अशी तक्रार असेल तर आधी डेटा किती उरला ते बघा. टॉवरला शिव्या नंतर.

आता तीच मॅच दीड एमबीपीएसवर, म्हणजे साधारण ४८० च्या दर्जात बघा. तासाला ०.६७५ जीबी. पूर्ण दोन तासांना सुमारे १.३५ जीबी. दीड जीबीत मॅच बसली! सहा इंची स्क्रीनवर फरक दिसतो, पण बॉल दिसतो. "ऑटो" वर ठेवलंत तर नेट चांगलं मिळताच फोन मोठे तुकडे ओढणार, म्हणून दर्जा हाताने ठरवा. आणि दिवसभरात रील्सवर किती उडवायचे, तेही हाताने ठरवा.

घरच्या वाय-फायचं

फुल एचडीला ५ ते ८ एमबीपीएस पुरतात, फोर-केला २५ च्या आसपास. म्हणजे ४० चा प्लॅन एका टीव्हीला भरपूर झाला. १०० चा ३०० केल्याने चकरी जाईल ही समजूत काढून टाका. बहुतेक वेळा पाणी राउटरपर्यंत नीट येतं, गळती पुढे होते.

राउटर दोन पट्ट्यांवर बोलतो. २.४ गिगाहर्ट्झ लांब जातो, पण तिथे दाटी फार. शेजाऱ्यांचे राउटर, ब्लूटूथ, मायक्रोवेव्ह ओव्हन, सगळे तिथेच. एकमेकांवर न चढणारे चॅनल तिथे तीनच: १, ६ आणि ११. मोठ्या सोसायटीत संध्याकाळी काय होत असेल विचार करा. ५ गिगाहर्ट्झवर मोकळी जागा जास्त, पण भिंतीपुढे तो दमतो. म्हणून राउटर आणि टीव्ही एकाच खोलीत असतील तर ५. मध्ये दोन भिंती असतील तर २.४, नाहीतर सरळ लॅन केबल. ही केबल फार महाग नसते आणि महागड्या प्लॅनपेक्षा जास्त कामाला येते. राउटर टीव्हीच्या मागे किंवा लोखंडी कपाटात लपवू नका, मोकळ्यावर आणि उंचावर ठेवा.

टीव्हीवर काळा पडदा

स्क्रीन मिररिंग केलं की आवाज येतो आणि चित्र काळं. हा बिघाड नाही, कुलूप आहे. मॅचची चोरी होऊ नये म्हणून ॲप स्क्रीनची नक्कल करू देत नाही. त्याऐवजी ॲपमधलं कास्टचं चिन्ह वापरा. कास्टमध्ये फोन फक्त रिमोट असतो आणि व्हिडिओ टीव्ही स्वतः नेटवरून ओढतो. म्हणून कास्ट अडकलं तर टीव्हीचं वाय-फाय तपासा, फोनचं नाही.

एचडीएमआय केबलनेही काळं दिसत असेल तर मध्ये स्प्लिटर किंवा जुना प्रोजेक्टर आहे का बघा. ही कुलूपपद्धत केबलच्या दोन्ही टोकांना आणि मधल्या प्रत्येक डब्याला यावी लागते. स्प्लिटर काढून सरळ जोडून बघा. आणि फोनला टाइप-सी आहे म्हणून चित्र बाहेर जाईलच असं नाही, सगळ्या फोनना ती सोय नसते.

काही स्वस्त अँड्रॉइड फोनवर नेट कितीही चांगलं असलं तरी एचडी येतच नाही. तिथे वाइडवाइन नावाच्या सुरक्षेची पातळी बघावी लागते. एल-१ असेल तर एचडी मिळू शकतं. एल-३ असेल तर बहुतेक ॲप साध्या दर्जावर थांबतात. असा फोन असेल तर एचडीसाठी जादा पैसे भरू नका.

जुन्या स्मार्ट टीव्हीवर ॲप उघडतच नसेल तर टीव्हीची तारीख-वेळ बघा. चुकीची असेल तर सुरक्षित कनेक्शन जुळत नाही. मग टीव्हीची मेमरी भरली आहे का आणि ॲपचं अपडेट बाकी आहे का ते पाहा. अपडेट आदल्या दिवशी करा, किक-ऑफला नाही.

डिश आणि केबल

डिशचा सगळ्यात मोठा शत्रू पाऊस. डिशच्या लहरींची लांबी दोन-तीन सेंटीमीटर असते आणि जोराचा पाऊस त्यांना शोषून घेतो. मुसळधार सरीत चित्र गेलं तर थांबा, सर ओसरली की येतं. पण उघडीप असतानाही चौकोन-चौकोन दिसत असतील तर सेट-टॉप बॉक्सच्या मेन्यूत सिग्नलची ताकद आणि दर्जा बघा. दोन्ही घसरले असतील तर वायरचे जोड घट्ट करा. पाणी शिरलेला किंवा गंजलेला जोड हे पावसाळ्यातलं नेहमीचं कारण. छत्री वाऱ्याने हलली असेल तर माणूस बोलवा, पावसात ओल्या गच्चीवर चढू नका. बाकी सगळी चॅनल दिसतात आणि स्पोर्ट्सचं एकच दिसत नाही, तर तो सिग्नलचा नाही, पॅकचा प्रश्न आहे.

मॅच चुकण्याचं साधं कारण

युरोपात मार्चच्या शेवटच्या रविवारी घड्याळं एक तास पुढे करतात आणि ऑक्टोबरच्या शेवटच्या रविवारी मागे. आपण करत नाही. म्हणून शनिवारी दुपारी तीनची इंग्लंडमधली मॅच आपल्याकडे उन्हाळ्यात ७:३० ला आणि हिवाळ्यात ८:३० ला असते. चॅम्पियन्स लीगची रात्री नऊची मॅच आपल्याकडे १२:३० ला किंवा १:३० ला. आणि तिकडचा बुधवार तो आपला गुरुवार. अलार्म लावताना तारीख तपासा.

फुकटच्या लिंकबद्दल

टेलिग्रामवर "फ्री लाइव्ह" म्हणून एपीके फाइल फिरतात. पैसे नसले की मोह होतो, मी उपदेश करत नाही. फक्त एक बघा: मॅच दाखवणाऱ्या ॲपला एसएमएस वाचायची परवानगी कशाला हवी? तुमचे बँकेचे ओटीपी तिथेच येतात. अशी परवानगी किंवा ॲक्सेसिबिलिटी मागितली की तिथल्या तिथे काढून टाका. एका मॅचसाठी खातं उघडं टाकू नका.

मॅचच्या दिवसाची यादी

आदल्या दिवशी: रिचार्ज, सबस्क्रिप्शन, ॲपचं अपडेट, आणि मॅच कुठल्या ॲपवर आहे याची खात्री. हक्क दर काही वर्षांनी बदलतात, मागच्या मोसमाच्या भरवशावर राहू नका.

किक-ऑफच्या १५ मिनिटं आधी: ॲप उघडून ठेवा, दर्जा ठरवा, डेटा तपासा, घरात कोणाचं मोठं डाउनलोड चालू नाही ना ते बघा.

मॅच चालू असताना: अडकलं तर आधी लाइव्ह न्यूजची तपासणी, मग बाकीचं.

आणि मला प्रश्न पाठवताना नुसतं "मॅच दिसत नाही" लिहू नका. फोन की टीव्ही, वाय-फाय की डेटा, आणि त्याच वेळी लाइव्ह न्यूज चालत होतं का, एवढं लिहा. खरं तर एवढं लिहितालिहिताच अर्ध्या लोकांना उत्तर सापडेल. पुढच्या भागात भेटू. तोवर लॉगआउट करू नका!